न लिहिलेल्या पोथीचा महिमा

पोथी लाल फडक्यांत बांधून देव्हाऱ्याजवळच्या फळीवर ठेवावी, सणावारीं तिच्यावर गंधफूल वाहावें, आणि ती उघडून वाचण्याचा प्रसंग मात्र पिढ्यान्‌पिढ्या येऊं नये, हा प्रकार मराठी वाचकांस अपरिचित नाहीं. अशा पोथीविषयीं घरांतील वडील माणसांस विचारावें, तर ती कोणीं आणली, कोणत्या शास्त्र्यानें तिची प्रत केली, ती अवेळीं उघडल्यामुळें कोणाचें काय झालें, हें सारें तीं तोंडपाठ सांगतील. आंत काय लिहिलें आहे एवढेंच त्यांस सांगतां येणार नाहीं. ग्रंथाचें माहात्म्य वाढण्यास त्याचें वाचन व्हावेंच लागतें असें नाहीं. पुष्कळदां तें न वाचण्यानेंच अधिक वाढतें. मनुष्यस्वभावांतील या दुबळेपणाचा आधुनिक इंग्रजी वाङ्‌मयांत ज्यानें विशेष चतुराईनें उपयोग करून घेतला, त्या एका अमेरिकन कथालेखकाच्या काल्पनिक ग्रंथाचा विचार आम्हांस येथें करावयाचा आहे. ग्रंथाचें नांव ‘नेक्रोनॉमिकॉन’. त्याचा जनक हॉवर्ड फिलिप्स लव्हक्राफ्ट.

लव्हक्राफ्ट १८९० सालीं अमेरिकेंतील प्रॉव्हिडन्स शहरीं जन्मला आणि १९३७ सालीं तेथेंच वारला. त्याच्या बहुतेक कथा ‘वीअर्ड टेल्स’सारख्या स्वस्त कागदावर निघणाऱ्या मासिकांतून प्रसिद्ध झाल्या, व हयातींत त्यास फारशी कीर्ति लाभली नाहीं. हें विश्व मनुष्यासाठीं निर्माण झालेलें नाहीं; मनुष्याच्या पूर्वीं येथें दुसरीं प्रचंड सत्त्वें नांदून गेलीं, तीं पुन्हां येतील, आणि आपल्या पापपुण्याची त्यांस मुंगीच्या पापपुण्याइतकीही पर्वा असणार नाहीं, हें त्याच्या कथासृष्टीचें मूळ सूत्र होय. हें ज्ञान ज्या एका ग्रंथांत सांठविलें आहे, तो ‘नेक्रोनॉमिकॉन’.

या ग्रंथाच्या आधीं ग्रंथकर्ता जन्मास आला. पांच वर्षांच्या वयांत ‘अरबी भाषेंतील सुरस कथा’ वाचून वेडावलेल्या या मुलानें खेळांत घेतलेलें नांव अब्दुल अल्‌हझरेद. १९२१ सालच्या ‘द नेमलेस सिटी’ या कथेंत याच नांवाच्या वेड्या अरब कवीचें एक दोन ओळींचें वचन येतें. ग्रंथाचा तेथें पत्ता नाहीं. १९२२ सालीं लिहिलेल्या व १९२४ सालीं छापलेल्या ‘द हाउंड’ या कथेंत ग्रंथ प्रथम दिसतो. थडगीं उकरण्याचा नाद लागलेले दोन मित्र हॉलंडांतील एका स्मशानांतून हिरव्या दगडाचा ताईत चोरतात. त्यावरील आकृति पाहतांच ती या निषिद्ध ग्रंथांत सूचित केलेली आहे, असें त्यांच्या ध्यानांत येतें. ग्रंथाचें एवढेंच दर्शन. पुढें पंधरा वर्षें लव्हक्राफ्टनें त्याचा उल्लेख कथेमागून कथेंत केला. परंतु त्यांतील म्हणून जे उतारे त्यानें प्रत्यक्ष लिहिले, ते सर्व एकत्र केले तरी दोनतीन पानांपलीकडे जाणार नाहींत. शंभर वर्षें ज्याचा दरारा टिकला, त्या ग्रंथाचा उपलब्ध मजकूर एवढाच आहे.

मग एवढा दरारा उत्पन्न झाला कशानें? याचें उत्तर लव्हक्राफ्टच्या एका लहानशा टिपणांत सांपडतें. १९२७ सालीं त्यानें आपल्या ग्रंथाचा इतिहास लिहून ठेवला. तो त्याच्या मृत्यूनंतर, १९३८ सालीं, छापला गेला. त्या इतिहासाप्रमाणें मूळ ग्रंथ अरबी असून त्याचें नांव ‘अल्‌ अझीफ’. कर्ता येमेनमधील सना शहराचा. बाबिलोनचे भग्नावशेष व मेंफिसचीं भुयारें धुंडाळून, अरबस्तानच्या दक्षिणेकडील वाळवंटांत दहा वर्षें एकटा राहून, तो अखेर दमास्कसला येतो आणि इ. स. ७३० च्या सुमारास ग्रंथ लिहितो. ७३८ मध्यें भर दिवसा, अनेकांच्या डोळ्यांदेखत, एक अदृश्य प्राणी त्यास खाऊन टाकतो. ९५० मध्यें कॉन्स्टँटिनोपल येथील थिओडोरस फिलेटस ग्रंथाचें ग्रीक भाषांतर करून त्यास ‘नेक्रोनॉमिकॉन’ हें नांव देतो. १०५० मध्यें धर्माध्यक्ष मायकेल तें जाळवितो. १२२८ मध्यें ओलाउस वॉर्मिअस लॅटिन भाषांतर करतो, व १२३२ मध्यें पोप नववा ग्रेगरी ग्रीक व लॅटिन या दोहोंवरही बंदी घालतो. उरलेल्या प्रति लंडनच्या ब्रिटिश म्युझियमांत, पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयांत, हार्वर्डच्या वायडनर ग्रंथालयांत, ब्यूनोस आयरेसच्या विद्यापीठांत आणि आर्कहॅम येथील मिस्कॅटॉनिक विद्यापीठांत कडेकोट बंदोबस्तांत आहेत.

या यादीची वीण पाहण्यासारखी आहे. थिओडोरस फिलेटस खोटा, पण धर्माध्यक्ष मायकेल खरा. अल्‌हझरेद खोटा, पण त्याच्या मृत्यूच्या हकीकतीस ज्याची साक्ष काढली तो इब्न खल्लिकान हा तेराव्या शतकांतील खरा चरित्रकार. चार ग्रंथालयें खरीं, पांचवें खोटें. वाचक खऱ्या नांवावर पाय टेकतो आणि त्याच पावलानें खोट्या नांवावर जातो. ‘अझीफ’ हा शब्ददेखील हवेंतून आणलेला नाहीं. रात्रीं किडे करतात तो आवाज अरब लोक पिशाचांचा आक्रोश समजत, असें त्याचें स्पष्टीकरण बेकफर्डच्या ‘वॅथेक’ या अठराव्या शतकांतील कादंबरीच्या टीपांत आहे. तेथून लव्हक्राफ्टनें तो उचलला. आणि सर्वांत लक्षांत घेण्याजोगी गोष्ट ही कीं, या सबंध इतिहासांत ग्रंथाच्या विषयाबद्दल जवळजवळ कांहीं सांगितलेलें नाहीं. कोणीं लिहिला, कोणीं भाषांतरिला, कोणीं जाळला, कोठें ठेवला, एवढेंच आहे. म्हणजे फळीवरच्या पोथीविषयीं जें घरांत सांगितलें जातें, नेमकें तेंच.

या टिपणांत चुकाही आहेत. वॉर्मिअस या नांवाचा डॅनिश पंडित खरोखर होऊन गेला. परंतु त्याचा काळ १५८८ ते १६५४ हा होय, व लव्हक्राफ्टनें त्यास सुमारें चार शतकें मागें ओढून तेराव्या शतकांत बसविलें आहे. ‘अब्दुल अल्‌हझरेद’ हें नांव तर अरबी व्याकरणास सोडूनच आहे. कारण ‘अब्दुल’ या शब्दाच्या शेवटींच तें निश्चयवाचक उपपद असून ‘अल्‌’ म्हणून तें पुन्हां जोडलें आहे. पांच वर्षांच्या मुलानें खेळांत घेतलेलें नांव मोठेपणीं तसेंच ठेवल्याचा हा परिणाम. कलेच्या दृष्टीनें या चुकांनीं कांहीं बिघडलें नाहीं. उलट, खऱ्या जुन्या ग्रंथांच्या चरित्रांतही कालविपर्यास असतातच, असें म्हणून भाविक वाचक त्यांचेंही समर्थन करतो. परंतु दुसऱ्या चुकीमागें जें अज्ञान आहे, तें इतकें निरुपद्रवी नाहीं. त्याचा विचार पुढें करूं.

ग्रंथाचा इतिहास कसा रचला हें झालें. आतां कथेंत तो वापरला कसा, हें पाहिलें पाहिजे. लव्हक्राफ्ट ग्रंथ वाचून दाखवीत नाहीं. ग्रंथ वाचलेला मनुष्य दाखवितो. १९३६ सालीं प्रसिद्ध झालेल्या ‘ॲट द माउंटन्स ऑफ मॅडनेस’ या दीर्घ कथेंत दक्षिण ध्रुवाकडे गेलेल्या तुकडींत डॅनफोर्थ नांवाचा एक तरुण आहे. हा ग्रंथ अथपासून इतिपर्यंत वाचण्याचें धाडस केलेल्या थोड्या लोकांपैकीं तो एक. परततांना तो एकदां मागें वळून पाहतो आणि त्याची बुद्धि भ्रष्ट होते. त्यानें काय पाहिलें, तें कथा सांगत नाहीं. त्याच्या तोंडून तुटक शब्द तेवढे बाहेर पडतात. वाचक त्या शब्दांचा अर्थ त्या न वाचलेल्या ग्रंथांत शोधूं लागतो, आणि ग्रंथ सांपडत नसल्यामुळें भीतीला कांठच राहात नाहीं.

याहून सरस उदाहरण १९२९ सालच्या ‘द डनविच हॉरर’ या कथेचें होय. डनविच या ओसाड खेड्यांतला विल्बर व्हेटली हा विलक्षण मुलगा मिस्कॅटॉनिक विद्यापीठाच्या ग्रंथालयांत येतो. त्याच्याजवळ डॉक्टर डीच्या इंग्रजी भाषांतराची एक फाटकी प्रत आहे. तिच्या ७५१ व्या पानावर जो मंत्र असावयास हवा होता, तो लॅटिन प्रतींतून मिळवावा, हा त्याचा हेतु. ग्रंथपाल डॉक्टर आर्मिटेज त्याच्या खांद्यावरून डोकावून पाहतो व तेवढा उतारा आपणांसही वाचावयास मिळतो. लव्हक्राफ्टनें दिलेल्या उताऱ्यांत हाच सर्वांत लांब. तरीही तो कंटाळा आणीत नाहीं. कारण तो सुटा उतारा नसून प्रसंग आहे. एकाला पान हवें आहे, दुसऱ्याला तें द्यावें कीं न द्यावें याचा निर्णय करावयाचा आहे. आर्मिटेज ग्रंथ घरीं नेऊं देत नाहीं; एवढेंच नव्हे, तर दुसऱ्या ग्रंथालयांसही सावध करतो. पुढें विल्बर रात्रीं चोरी करण्यास येतो व राखणीच्या कुत्र्याच्या दाढेखालीं मरतो. आणि डनविचवर आलेलें अरिष्ट अखेर हा वृद्ध ग्रंथपालच, त्याच ग्रंथांतील ज्ञानाच्या बळावर, निवारतो. पुस्तक देणें व न देणें यांवर जगाचें बरेंवाईट अवलंबून आहे, अशी कथा आम्हीं तरी दुसरी वाचलेली नाहीं.

वाचकाच्या अवस्थेवरून ग्रंथाची शक्ति दाखविण्याची ही युक्ति मात्र लव्हक्राफ्टची नव्हे. ती फार जुनी असून तिचा एक अपूर्व नमुना आपल्या प्रतिष्ठान नगरीशीं, म्हणजे पैठणशीं, निगडित आहे. ‘कथासरित्सागरां’त सोमदेवानें गुणाढ्याची हकीकत दिली आहे. सातवाहन राजाच्या सभेंत पैज हरल्यामुळें संस्कृत, प्राकृत व देशभाषा यांचा त्याग केलेला हा पंडित अरण्यांत सात वर्षें बसून सात लक्ष श्लोकांची बृहत्कथा पैशाची भाषेंत स्वतःच्या रक्तानें लिहितो. राजा ती तुच्छतेनें परत पाठवितो. मग गुणाढ्य अग्नि पेटवून एक एक पान वाचतो व जाळतो. भोंवतीं अरण्यांतील पशु चारा विसरून, डोळ्यांतून अश्रु ढाळीत ऐकत उभे राहतात. इकडे मुदपाकखान्यांत येणारें मांस नीरस झाल्यामुळें राजा आजारी पडतो, चौकशी होते, आणि तो धांवत येतो तों सहा लक्ष श्लोक जळून गेलेले असतात. त्या सहा लक्षांतील एकही श्लोक आपणांस ऐकावयास मिळत नाहीं. परंतु न चरणाऱ्या हरिणांवरून ते कसे असतील याची खात्री पटते.

दोन्ही ग्रंथ रूढ विद्वत्तेनें झिडकारलेले, दोन्ही अग्नींत पडलेले. भेद एवढाच कीं, बृहत्कथेच्या श्रवणानें जनावरेंही माणसाळतात, तर ‘नेक्रोनॉमिकॉन’ वाचल्यानें माणसाचें माणूसपण जातें. गुणाढ्याच्या कथेंत ज्ञान नाकारणारा राजा पश्चात्ताप पावतो. लव्हक्राफ्टच्या कथेंत ज्ञान शोधणाराच शासन भोगतो. पहिल्या कथेचा विश्वास ऐकण्यावर आहे, दुसरीचा न उघडण्यावर. आम्हांस पहिली अधिक उदार वाटते, हें सांगून टाकलेलें बरें.

या अनुदारतेचें मूळ लव्हक्राफ्टच्या मनोवृत्तींत आहे. परकीय वंशांविषयीं त्याची घृणा त्याच्या पत्रांतून व ‘द हॉरर ॲट रेड हुक’सारख्या कथांतून उघड दिसते. ‘वेडा अरब’ हें ग्रंथकर्त्याचें कायमचें विशेषणही त्याच खाणींतलें. ज्या दमास्कसमध्यें हा वेडा बसविला, तेथें त्या काळीं उमय्या खलिफांची राजधानी होती. आणि पुढील शतकांत बगदाद येथें अरबी पंडितांनीं ग्रीकांचें वैद्यक, गणित व तत्त्वज्ञान आपल्या भाषेंत आणून जगासाठीं राखून ठेवलें. लव्हक्राफ्टच्या इतिहासांत अरबापासून ग्रीकाकडे व ग्रीकापासून लॅटिनाकडे जातें तें केवळ विष. खऱ्या इतिहासांत त्याच मार्गानें औषध गेलें. विद्येची जी परंपरा कृतज्ञतेनें आठवावी, तिचेंच त्यानें भुताटकीच्या परंपरेंत रूपांतर केलें, हा या कल्पनेंतील खरा दोष. आणि तो अब्दुलच्या व्याकरणाहून फार खोल जाणारा आहे. अद्‌भुत वाङ्‌मयासाठीं दिल्या जाणाऱ्या ‘वर्ल्ड फँटसी’ पारितोषिकावर त्याचा मुखवटा असे. तो २०१५ सालीं काढून टाकण्याचें ठरलें, तेव्हां पुष्कळांनीं कुरकुर केली. आम्हांस तो निर्णय योग्य वाटतो. कथा वाचाव्यात, मूर्ति पुजण्याचें कारण नाहीं.

आतां या ग्रंथाच्या वारसांकडे वळूं. त्यांचे दोन वर्ग पडतात. पहिला वर्ग लव्हक्राफ्टच्या लेखकमित्रांचा. फ्रँक बेल्नॅप लाँग यानें १९२८ सालीं आपल्या कथेच्या माथ्यावर डॉक्टर डीच्या भाषांतरांतील म्हणून एक वचन घातलें. डी हा एलिझाबेथ राणीच्या काळचा खरा विद्वान. पण हें भाषांतर त्याच्या नांवावर चढविलें तें लाँगनें, आणि लव्हक्राफ्टनें तें खुशीनें आपल्या इतिहासांत दाखल करून घेतलें. क्लार्क ॲश्टन स्मिथनें ‘एइबॉनचा ग्रंथ’ रचला, रॉबर्ट हॉवर्डनें फॉन युंट्‌झ नांवाच्या जर्मनाचा एक निषिद्ध ग्रंथ, रॉबर्ट ब्लॉकनें आणखी एक. आणि हे सर्व परस्परांच्या ग्रंथांचे दाखले देऊं लागले. न लिहिलेल्या ग्रंथांचें एक ग्रंथालयच उभें राहिलें. या मंडळींस खेळाचा नियम कळला होता: नांव घ्यावें, पान उघडूं नये. अर्जेंटिनाचा बोर्हेस यानेंही १९४१ सालच्या एका प्रस्तावनेंत जाडे ग्रंथ लिहीत बसण्यापेक्षां ते आहेत असें समजून त्यांचा सारांश द्यावा, असें सुचविलें. ज्या ब्यूनोस आयरेस शहरीं लव्हक्राफ्टनें आपल्या ग्रंथाची एक प्रत ठेविली होती, त्याच शहराचा हा रहिवासी, हा योगायोग गमतीचा आहे.

दुसरा वर्ग ज्यांनीं पान उघडलें त्यांचा. १९७३ सालीं ‘अल्‌ अझीफ’ या नांवानें एक पुस्तक निघालें, त्यांत बनावट लिपीची तींच तीं पानें पुन्हां पुन्हां छापलीं होतीं. तो निदान विनोद होता. १९७७ सालीं न्यूयॉर्कमध्यें ‘सायमन’ या टोपण नांवाखालीं दुसरें पुस्तक निघालें व त्यांत प्राचीन सुमेर व बाबिलोनच्या दैवतांची नांवें घालून खरोखरीचा मंत्रग्रंथ असल्याची बतावणी केली गेली. पुढल्याच वर्षीं तिसरें निघालें. ही गोष्ट घडेल तर काय होईल, हें लव्हक्राफ्टनें १९३६ सालीं एका पत्रांतच सांगून ठेवलें होतें: कोणी हा ग्रंथ खराच लिहूं म्हटलें, तर त्याच्या नुसत्या उल्लेखानें ज्यांच्या अंगावर कांटा आला, त्या सर्वांची निराशा होईल. छापील ‘नेक्रोनॉमिकॉन’ चाळतांना नेमकें हेंच घडतें. भीतीचा मजकूर छापला कीं ती भीति राहात नाहीं, विधींची जंत्री होते.

तरीही हें पुस्तक खपलें, आणि तें खरें मानणारे लोक निघाले, ही गोष्ट हंसण्यावारी नेण्यासारखी नाहीं. लव्हक्राफ्ट स्वतः पक्का जडवादी; देव, पिशाच, मंत्र यांपैकीं कशावरही त्याचा विश्वास नव्हता, आणि हा ग्रंथ आपण रचला आहे हें विचारणाऱ्यांस तो सरळ सांगत असे. नास्तिकानें पोथी बनविली, ती खोटी असल्याचें स्वतःच जाहीर केलें, तरीही लोकांनीं ती मानली. कां? कर्त्याचें नांव, भाषांतराचें साल, बंदीचा हुकूम व ग्रंथालयाचा पत्ता एवढें सांपडलें कीं आमच्या बुद्धीचें समाधान होतें. त्यापुढें ‘आंत काय लिहिलें आहे, व तें खरें कशावरून?’ हा प्रश्न आम्ही विचारीत नाहीं. ग्रंथप्रामाण्याविरुद्ध महाराष्ट्रांत एकोणिसाव्या शतकापासून पुष्कळ लिहिलें गेलें. परंतु ग्रंथप्रामाण्य ग्रंथाशिवायही चालूं शकतें, याचा इतका स्वच्छ पुरावा कोणत्याही सुधारकास मिळाला नसेल. हें ‘नेक्रोनॉमिकॉन’नें नकळत केलेलें सर्वांत मोठें काम होय, आणि त्यासाठीं तरी आम्ही त्याचे ऋणी आहों.

या वारशाचा एक धागा मराठी मुलखापर्यंत आलेला आहे. ‘हस्तूर’ हें नांव प्रथम ॲम्ब्रोज बीअर्सनें एका गोष्टींत मेंढपाळांच्या सौम्य देवास दिलें. १८९५ सालीं रॉबर्ट चेंबर्सनें ‘द किंग इन यलो’ या कथासंग्रहांत तें उचललें. तेथून लव्हक्राफ्टनें घेतलें, व त्याच्या अनुयायांनीं त्यास दुष्ट दैवत बनविलें. स्टीफन किंगच्या १९८४ सालच्या ‘ग्रॅमा’ या कथेंतही तें उच्चारलें जातें. त्या कथेवरून आमच्या नारायण धारपांनीं ‘आजी’ लिहिली. आणि धारपांच्या कथेनें मनांत घर केलेल्या राही अनिल बर्वे यांनीं २०१८ सालीं ‘तुंबाड’ हा चित्रपट काढला. गांवाचें नांव श्री. ना. पेंडशांच्या ‘तुंबाडचे खोत’वरून, आणि वाड्याच्या पोटांत दडलेल्या दैवताचें नांव ‘हस्तर’. या दैवताची पूजा कोणी करावयाची नाहीं, त्याचें स्मरणही उरूं द्यावयाचें नाहीं, असा त्यास शाप आहे. म्हणजे ज्याची पोथीच असूं शकत नाहीं, असा हा देव. बर्व्यांनीं परकें नांव घेतलें, पण त्याच्याभोंवतीं कोंकणांतला पाऊस, पडका वाडा व मनुष्याची द्रव्याची हांव आणून बसविली. ज्ञानाच्या हव्यासाची जागा सोन्याच्या हव्यासानें घेतली, आणि अरबाच्या वेडाची जागा आपल्याच घरांतील लोभानें. दोष परक्यांवर न लोटतां घरांत शोधला, एवढ्यानें ही कल्पना तिच्या मूळ जनकापेक्षां अधिक प्रामाणिक झाली, असें आमचें मत आहे.

असो. ज्यांस हा ग्रंथ पाहण्याची इच्छा असेल, त्यांनीं बाजारांतील छापील प्रतींवर पैसे खर्चूं नयेत. त्यांनीं ‘द डनविच हॉरर’ वाचावी. विल्बरच्या खांद्यावरून डोकावतांना आर्मिटेजच्या दृष्टीस जेवढें पडतें, तेवढाच हा ग्रंथ आहे. त्याहून अधिक तो कधींच नव्हता.